हंडा लावला, बाई हजर

नळ खाकरला.

जव्हारला आमच्या गल्लीत नळ आधी खाकरतो, मग बराच वेळ नुसती हवा सोडतो, आणि मग त्याच्या मनात आलं तर पाणी. दुपारचं घर गप्प होतं. बाळी माझ्या मांडीवर डोकं ठेवून झोपली होती, तोंड उघडं, कपाळावर घामाची एक बट चिकटलेली. ते डोकं हलवायचं माझ्या जिवावर आलं होतं, पण नळ कुणाच्या मायेसाठी थांबत नाही. मी तिला उशीवर सरकवलं, बादली घेऊन मोरीत धावले, आणि नेमकं तेव्हाच दारावर पासपोर्टचं पोलीस व्हेरिफिकेशन आलं.

पाणी आणि सरकार आमच्याकडे सहसा येत नाहीत. येतात तेव्हा एकाच वेळी येतात.

आलेला हवालदार तरुण होता, सभ्य होता. बूट दाराबाहेर काढले. पाणी विचारलं तर "नको ताई, तुम्हालाच पुरू दे" म्हणाला. माझा जुना पासपोर्ट त्याने उलटसुलट पाहिला. एकाही देशाचा शिक्का नाही.

"कशाला काढला होता हा?"

"नर्सिंगला होते तेव्हा एक एजंट आला होता. दुबईला नेतो म्हणून आख्ख्या वर्गाचे पासपोर्ट काढून दिले."

"मग?"

"मग एजंट दुबईला गेला. आम्ही राहिलो."

तो हसला. खरंच होतं ते. दहा वर्षं तो पासपोर्ट कपाटात साड्यांच्या घडीखाली होता. त्याने इगतपुरीसुद्धा पाहिली नव्हती. पण आता माझा नवरा रोहिदास मस्कतला होता, तिथे आम्हाला बोलावत होता, आणि पासपोर्टची मुदत संपलेली. म्हणून हे नूतनीकरण.

"बरं, शेवटचा प्रश्न. तुमच्यावर काही गुन्हा वगैरे?"

"दादा, माझ्या नावावर एवढीच एक आहे," मी झोपलेल्या बाळीकडे बोट दाखवलं.

तो परत हसला. मग मोबाईलवर काहीतरी पाहिलं, आणि हसू चेहऱ्यावरच विसरून म्हणाला, "ताई, तुमच्यावर केस आहे."

"कसली?"

"बेकायदेशीर जमाव. रस्ता अडवणे. मनाई आदेशाचा भंग. चार्जशीट कोर्टात गेलंय. सहा वर्षांपूर्वीची, अठरा मेची. तुम्ही आरोपी क्रमांक सहा."

मोरीत बादली भरून वाहायला लागली होती. मी जागची हलले नाही. शेवटी तोच आत गेला, नळ बंद करून आला. आरोपीच्या घरचं पाणी वाया जाऊ नये, एवढी काळजी पोलीस खात्याने माझी घेतली, हे मी विसरणार नाही.

"अठरा मेला मी दवाखान्यात होते, दादा. ही झाली त्या दिवशी. सकाळी साडेनवाला."

"ते कोर्टात सांगा, ताई. मला आहे तसा रिपोर्ट पाठवावा लागतो." बूट घालताना तो हळूच म्हणाला, "चेहऱ्यावरून वाटत नाही तुमच्या."

ज्या ठाण्यात ही केस नोंदली गेली त्याचं नाव मी इथे मुद्दाम लिहीत नाही. एक खटला चालू असताना दुसरा नको.

रोहिदासचं सांगते. जव्हारच्या आयटीआयला वेल्डिंग शिकला, बोईसरला कंपनीत राबला, आणि बाळी तीन वर्षांची असताना मस्कतला गेला. तेव्हापासून एकदाही आलेला नाही. कंपनीचे फॅमिली क्वार्टर थोडे आणि माणसं जास्त. सुट्टीला गेलं की यादीतला नंबर मागे जातो. म्हणून हा माणूस तीन वर्षं नंबर धरून बसला. यंदा लागला. दोन खोल्या, एक बाल्कनी, आणि अट एकच: मेअखेर बायको-मूल तिथे राहायला आलं पाहिजे. नाही आलं तर क्वार्टर पुढच्याला.

बाळीचा पासपोर्ट पंधरवड्यात आला. तिच्यावर अजून गुन्हा नाही. त्यात तिचं शाळेतलं नाव छापून आलंय, ममता रोहिदास, म्हणून ती भलती खूश. बाप तिच्यासाठी फोनच्या काचेमागे राहतो. रोज संध्याकाळी तो काचेवर बोट ठेवतो, ही इकडून ठेवते, आणि "लागलं का?" असं विचारते. तो सांगतो, लागलं. आता तिला वाटतं, पासपोर्ट दाखवला की काच उघडते.

आणि माझा पासपोर्ट आरोपी क्रमांक सहाच्या खाली अडकला.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. बाळीला घेऊन मोखाड्याला गेले, तिथून जीप. सूर्यमाळच्या वाटेवर आमच्या सासरचा करवंदपाडा. सासू पारूआत्या अंगणात नागलीचे पापड वाळत घालत होत्या. आमच्यात सासूला आत्याच म्हणतात. बाळीने जाताच दोन ओले पापड तोंडात कोंबले.

"आत्या, बाळी झाली त्या दिवशी टँकरच्या रांगेत पोलीस आले होते?"

"आले व्हते की. हंडे घेऊन गेले."

"तुम्ही तर हंडे चोरीला गेले म्हणाला होतात."

"पोलिसांनी नेले काय नि चोरांनी नेले काय. घरात तर नाय ना राहले?"



इथला नियम बाहेरच्या माणसाला सांगायला हवा. टँकर पाड्यापर्यंत चढत नाही, फाट्यावर थांबतो. कधी येईल ते त्यालाही ठाऊक नसतं. बायका दिवसभर उन्हात उभ्या राहिल्या तर भाकरी कोण थापणार? म्हणून हंडा रांगेत लावायचा आणि घरी जायचं. हंडा लावला की बाई हजर. कुणी विचारलं तर शेजारीण हंड्याकडे बोट दाखवून म्हणते, ही अमकी, हाय ती. कुणी चुकून म्हणालं की ती नाही, घरी गेलीय, तर तिचा हंडा मागे जातो. म्हणून कुणीच कुणाला कधी गैरहजर करत नाही. लग्नात नाव न घेणाऱ्या बायका रांगेत एकमेकींची नावं छातीठोक घेतात.

त्या दिवशी फाट्यावर अकरा हंडे होते आणि तीन बाया. त्यातल्या एक पारूआत्या. मी पहाटेच दवाखान्यात गेले होते, शेजारची नवशाची आई माझ्याबरोबर. आत्या आल्या नाहीत. मला तेव्हा फार लागलं होतं ते. पहिलं बाळंतपण, नवरा बोईसरला, आणि सासू पाण्याच्या रांगेत.

सकाळी तिथून एक मोठे साहेब चालले होते. तीन गाड्या. कशाला? तर टंचाईची पाहणी करायला. रस्त्यात हंडे आडवे. साहेबांना पाणीटंचाई बघायला जायचं होतं आणि मधे पाणीटंचाई आडवी आली. हॉर्न वाजले. आत्या म्हणाल्या, बाजूने काढा, हंडा हलवला तर नंबर जातो. बाजूला चर होता. साहेब अर्धा तास गाडीत बसून राहिले, आणि संध्याकाळपर्यंत तो रास्ता रोको झाला.

"मंग एक पोलीस वही घेऊन आला," आत्या सांगू लागल्या. "बोलला, कोण कोण हाय इथं, नावं सांगा. मी सांगितली. ही सोम्याची बायको. ही लाडक्याची आयस. ही अंगणवाडी. ही माझी सून हर्षदा."

"हंड्यांकडे बोट दाखवून?"

"मंग काय आभाळाकडं दाखवू?"

"त्याने विचारलं नाही, बाई कुठंय म्हणून?"

"इचारला. ही हर्षदा खरंच हाय का बोलला. मी बोलली, हाय. दोनदा इचारला, दोनदा बोलली."

"आत्या! मी दवाखान्यात होते ना!"

"येडी का तू? नाय बोलली असती तर हंडा मागं गेला असता. घरात बाळंतीण येनार, पोर येनार. पयल्या आंघोळीला पानी नको?" पापड उलटता उलटता त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "तुझ्यासाठीच हाय बोलली मी. तुझ्या दवाखान्यात डाक्टर व्हता. रांगेत तुझा कोन व्हता?"

सहा वर्षं मनात ठेवलेलं माझं दुखणं त्या अंगणात असं उताणं पडलं. रागवायला आले होते, ते राहूनच गेलं. बाळीने तेवढ्यात तिसरा पापड पळवला आणि आजीने तिच्या पाठीत प्रेमाने धपाटा घातला.

जव्हारला माझी एक मैत्रीण वकील आहे, अलफिया. तिचे अब्बा गुलामचाचा, त्यांचं बाजारात भांड्यांचं दुकान. पाड्यातले निम्मे हंडे त्यांच्याकडूनच गेलेले.

"मुद्देमाल अब्बांच्या दुकानातला, आरोपी माझी मैत्रीण," ती म्हणाली. "घरचीच केस आहे. बस."

कोर्टातून काढलेल्या नकला तिने टेबलावर पसरल्या. मी समन्स कधी पाहिलंच नव्हतं. ते तीनदा निघालं होतं आणि तीनदा परत गेलं होतं, कारण मी आता राहते जव्हारला आणि माझा पत्ता लिहिला होता करवंदपाडा फाटा. फाट्यावर माझा हंडा राहायचा, मी नाही.

"मुद्देमाल ऐक. हंडे स्टीलचे, नग अकरा, रिकामे."

"रिकामे होते हे तरी खरं लिहिलंय."

"पुढे ऐक. आरोपी क्रमांक पाच." अलफियाने चष्मा सावरला. "अंगणवाडी. वय अंदाजे तीस. धंदा मजुरी. राहणार करवंदपाडा. फरार."

आम्ही दोघी एकमेकींकडे बघत राहिलो. आधी तिच्या नाकातून आवाज आला, मग माझ्या. अंगणवाडीच्या खिचडीसाठी मदतनीस बाई रोज एक हंडा लावायची. आत्यांनी प्रामाणिकपणे ओळख करून दिली होती, आणि समोरच्याने तितक्याच प्रामाणिकपणे लिहून घेतली होती. आम्ही डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. बाळीला काही कळलं नाही, पण तीही टेबलाखाली लोळून हसली.

मग अलफिया एकदम थांबली.

"हसू नकोस. ही बाई सापडत नाही म्हणून तुमची केस सहा वर्षं जागची हललेली नाही."

"ती बाई नाही!"

"हे तुला माहीत, मला माहीत. कोर्टाला कागदावरची बाई दिसते. तिच्या नावाचं वॉरंट आहे."

"तिला वगळून आमची केस चालवता नाही येत?"

"येते. त्याला अर्ज. त्यावर सरकारी वकिलांचं म्हणणं. त्यांच्या म्हणण्यावर तारीख."

पासपोर्ट कार्यालयाचंही पत्र आलं होतं. अर्जात प्रश्न होता, आपल्यावर फौजदारी खटला प्रलंबित आहे काय? मी मोठ्या रुबाबात 'नाही' लिहिलं होतं. आता ते विचारत होते, आपण ही माहिती का दडवली? मी काय उत्तर देणार? माझा हंडा माझ्याशी बोलला नाही, असं? पत्रात दोन वाटा दिल्या होत्या. खटल्याचा निकाल आणा, नाहीतर परदेशी जायला कोर्टाची परवानगी आणा.

"निकाल तर होत नाही. परवानगी मागू," अलफिया म्हणाली. "मिळते. कोर्ट मुदत ठरवून देतं, नाही ठरवली तर वर्षाचा पासपोर्ट देतात. लहान बाळासारखा दरवर्षी वाढवत बसायचा. पण जाशील तरी."

एप्रिलमध्ये तारीख लागली. करवंदपाड्याच्या बायका एका जीपमध्ये बसून आल्या. ठेवणीतली लुगडी, डोक्यात अबोली. शिरपामाळला फिरायला आलेल्या पाहुण्यांच्या गाडीने कोर्टाजवळ यांनाच रस्ता विचारला. सोम्याच्या बायकोने त्यांना नीट सांगितला. रस्ता अडवणाऱ्या टोळीतली बाई, पण वाट दाखवायला पुढे.

शिपायाने पुकारा केला. आम्ही एकेक करून आत गेलो. पाचव्या नावाला तो दारात उभा राहून ओरडला, "अंगणवाडीऽऽ! अंगणवाडी हजर आहे का?"

व्हरांड्यात आमच्या केसमधले नसलेले लोकही मागे वळून पाहू लागले.

"अंगणवाडीऽऽ!"

"ती कशी येनार, सायेब?" आत्या आतून म्हणाल्या. "ती जागची हालत नाय. मागच्या वादळात तिचा पत्रा बी उडाला."

न्यायाधीश बाई होत्या, कागदात डोकं घालून बसलेल्या. त्यांनी मान वर केली. कागद वाचला. परत वाचला. ओठ घट्ट मिटले, आणि मला दिसलं की त्या मोठ्या कष्टाने गंभीर राहतायत.

"ही अंगणवाडी म्हणजे कोण?"

सरकारी वकील उठले. "रेकॉर्डप्रमाणे आरोपी क्रमांक पाच, मॅडम. फरार."

"ते मी वाचलं. मनुष्य आहे का?"

सरकारी वकिलांनी पोलिसाकडे पाहिलं, पोलिसाने कागदाकडे. "तपासून सांगतो, मॅडम."

तेव्हा असा हुकूम झाला की, अंगणवाडी ही व्यक्ती आहे किंवा कसे, याबाबत पोलिसांनी अहवाल सादर करावा. न्यायाचं चाक सहा वर्षांनी पहिल्यांदा फिरलं, आणि ते आम्ही डोळ्यांनी पाहिलं.

मग माझा परवानगीचा अर्ज. अलफियाने जन्माचा दाखला पुढे केला, दवाखान्याचे कागद पुढे केले. न्यायाधीश बाईंनी दाखला पाहिला, मागच्या बाकावर आजीजवळ बसलेल्या बाळीकडे पाहिलं.

"पुरावा खटल्याच्या वेळी बघावा लागेल," त्या म्हणाल्या. "परवानगीवर सरकारचं म्हणणं?"

"आमचा विरोध आहे," सरकारी वकील म्हणाले. "आरोपी परदेशात पळून जाण्याची शक्यता नाकारता येत नाही. सविस्तर म्हणणं द्यायला वेळ हवा."

मस्कतच्या दोन खोल्यांत मी लपून बसणार, आणि इकडे न्यायव्यवस्था माझ्या रिकाम्या हंड्याजवळ रडत बसणार. म्हणणं द्यायला वेळ मिळाला. मधे उन्हाळ्याची सुट्टी. पुढची तारीख जूनमध्ये.

क्वार्टर मेअखेर.

त्या संध्याकाळी रोहिदासला फोनवर सांगितलं.  मागे कुणीतरी हिंदीत ओरडत होतं.

"सुपरवायझरला विचारलं मी," तो म्हणाला. "जून नाही चालणार. पुढचा नंबर एका केरळवाल्याचा आहे. त्याची बायको तिकीट काढून बसलीय."

"मग?"

"मग काय, हर्षदा. परत यादीत शेवटी. तीन-चार वर्षं." मग आवाज बदलून, "बाळी कुठंय? दे तिला."

बाळी पासपोर्ट घेऊनच धावत आली. काचेला चिकटवून धरला. "बाबा, हा बघ, दाखवला! उघड आता!"

तिकडे रोहिदासने कॅमेऱ्यावर हात ठेवला. आम्हाला नुसता काळोख दिसला. बाळी म्हणाली, "लाइट गेली बाबांकडे."

मी अलफियाकडे गेले तेव्हा तिला माझ्या तोंडावरून कळलं असावं. "तिसरी वाट आहे," ती म्हणाली, "पण ती मी सांगणार नाही."

"सांग."

"गुन्हा कबूल कर. किरकोळ कलमं आहेत. सुट्टीच्या आधी अर्ज देऊ. त्याच दिवशी तुझ्यापुरता निकाल, थोडा दंड, केस संपली. एवढ्या शिक्षेवर पासपोर्ट अडवता येत नाही." मग टेबलावर हात आपटून, "पण तू तिथं नव्हतीस! इतकी सरळ केस मला आयुष्यात मिळणार नाही, हर्षदा. तू निर्दोष सुटशील."

"कधी?"

"बाळी दहावीला गेली की."

आत्याही आल्या होत्या, कोपऱ्यात चहा बशीत ओतून पीत होत्या. "मी सांगतो ना जजबाईला," त्या म्हणाल्या. "मीच खोटा बोलली म्हनून सांगतो."

"आजी, मग पोलिसांना खोटी माहिती दिल्याचं तुमच्यावर नवीन लचांड."

"लागू दे की. मला कुठं मस्कतला जायचाय?"

"नाही," मी म्हणाले. माझ्यासाठी दोनदा हाय म्हणालेल्या बाईला मी कोर्टात खोटी ठरवणार नव्हते. "आणि मी कबूल झाले तर बाकीच्यांचं?"

"त्यांच्या केसवर तुझ्या कबुलीने फरक पडू देणार नाही मी. पण त्यांची केस चालूच राहील."

"अंगणवाडी सापडेपर्यंत," आत्या म्हणाल्या आणि बशी खाली ठेवली. "जा गं पोरी. नंबर लागलाय तर रांग सोडू नको."

अलफिया खिडकीकडे तोंड करून उभी राहिली. "मुलीला खरं बोलायला शिकवतेस ना?" ती म्हणाली. मैत्रिणीने मारलेला टोमणा नवऱ्याच्या टोमण्याहून जास्त लागतो.  अर्ज मात्र तिनेच लिहिला, आणि माझी सही घेताना पेन माझ्या हातात जवळजवळ फेकलं.

सुट्टीच्या आधीच्या आठवड्यात आम्ही परत कोर्टात. बाळीला ठेवायला घर नव्हतं, शाळेला सुट्टी लागलेली. ती आजीच्या शेजारी मागच्या बाकावर, नवा फ्रॉक घालून. तिला वाटत होतं आज पासपोर्ट मिळणार. एका अर्थी खरंच होतं.

न्यायाधीश बाईंनी मला पुढे बोलावलं. अर्ज वाचून त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"गेल्या वेळी तुम्ही जन्माचा दाखला दिला होता."

"हो, मॅडम."

"आणि आता गुन्हा कबूल?"

"हो, मॅडम."

"कुणी दबाव आणलाय?"

कुणाचं नाव सांगणार? केरळवाल्याच्या बायकोचं? "नाही, मॅडम."

"परिणाम समजतात? शिक्षा होऊ शकते."

"समजतात."

त्यांनी पेन खाली ठेवलं. मोठ्याने, सावकाश विचारलं, शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जाईल असं. "अठरा मेला सकाळी साडेनऊच्या सुमारास करवंदपाडा फाट्यावर तुम्ही स्वतः हजर होतात?"

मी मागे पाहिलं. आत्यांनी मान हलवली, हलकीशी, रांगेत शेजारणीला हलवतात तशी. हाय म्हण.

"होते," मी म्हणाले.

सरकारी वकिलांना सगळ्यांत आनंद झाला. सहा वर्षांत या केसमध्ये त्यांना मिळालेलं हे पहिलं यश. अलफिया फाइलला दोरी बांधत होती. गाठ पाचदा मारली तिने.

शिक्षा झाली: दंड, आणि कोर्ट उठेपर्यंत कैद. म्हणजे संध्याकाळी न्यायाधीश उठून जाईपर्यंत मी खोलीच्या बाहेर पाऊल टाकायचं नाही. बेडी नाही, गज नाही. एक लाकडी बाक, वर कुरकुरणारा पंखा. लग्नानंतर मला इतका वेळ कुणी नुसतं बसू दिलं नव्हतं. सरकारचे आभारच मानायला हवेत.

दंड भरून अलफिया पावती घेऊन आली. माझ्या हातात दिली आणि क्षणभर माझा खांदा दाबला. "निकालाची नक्कल उद्या मिळेल. परवा पासपोर्टवाल्यांना पाठवू," म्हणाली, आणि दुसऱ्या केसला निघून गेली. रोहिदासला मी बाकाखाली फोन धरून दोनच शब्द लिहिले: झालं. येतोय. तिकडून लगेच नुसते हात जोडल्याचं चित्र आलं.

आत्या व्हरांड्यात बायकांना सांगायला गेल्या. बाळी बाक सोडून हळूच माझ्याजवळ आली आणि कुशीत शिरली. समोर कुणाच्या तरी बांधाची केस चालू होती. तिच्या केसांना उन्हाचा आणि खोबरेल तेलाचा वास येत होता. मी मनात मस्कतच्या बाल्कनीत कपडे वाळत घालू लागले होते. तिचे फ्रॉक, त्याचे निळे डगले.

"आई, आपण आता बाबांकडे जाणार?"

"हो, राणी. या महिन्यातच."

"माझा वाढदिवस तिकडे?"

"बहुतेक तिकडेच. हळू बोल."

ती बोटांवर काहीतरी मोजत होती. वर्गात नुकतेच महिने पाठ करून घेतले होते तिच्याकडून. मग मान वर करून माझ्याकडे पाहिलं. कपाळावर तिच्या बापासारखी एक उभी आठी.

"आई, अठरा मे तर माझा वाढदिवस ना?"

"हो."

"त्या मॅडमनी विचारलं तेव्हा तू म्हणालीस, अठरा मेला तू रस्त्यावर होतीस."

"शूऽऽ. हो, म्हणाले."

"मग मी झाले तेव्हा दवाखान्यात माझ्याजवळ कोण होतं?"